खोडण्याची सोय

माद्रिदच्या राष्ट्रीय ग्रंथालयात ‘कांतार दे मिओ सिद’ या जुन्या वीरकाव्याची पोथी आहे. त्या काव्याची दुसरी मध्ययुगीन पोथी जगात नाही. चर्मपत्राची ७४ पत्रं उरली आहेत; पहिलं पत्र हरवलंय, मधलीही दोन गेली आहेत. शेवटी नकलनविसाची नोंद आहे, की पेर आबात नावाच्या माणसानं हे मे महिन्यात लिहिलं. पुढे साल. ते स्पेनमधल्या जुन्या कालगणनेतलं, इसवी सनाच्या ३८ वर्षं पुढे चालणारं. आधी ‘हजार’ हा शब्द, मग शंभराची दोन रोमन चिन्हं, मग थोडी कोरी जागा, मग पंचेचाळीस.

दिसतं तसं वाचलं तर १२४५, म्हणजे इसवी सन १२०७. पण ती कोरी जागा स्वस्थ बसू देत नाही. तिथे शंभराचं आणखी एक चिन्ह सहज मावलं असतं. कुणीतरी ते खरवडून काढलं असेल तर साल होतं १३०७. बोटाच्या पेराएवढ्याही नसलेल्या त्या जागेत शंभर वर्षं मावतात किंवा मावत नाहीत.

या काव्याचे संपादक रामोन मेनेंदेस पिदाल यांनी ती मावतात असं ठरवलं. पोथीचं अक्षर चौदाव्या शतकातलं आहे, तेव्हा १३०७ हेच साल जुळतं, असा त्यांचा हिशेब. आणि मूळ काव्य त्याच्याही बरंच आधीचं, ११४० च्या सुमाराचं, असं भाषेवरून नि इतर पुराव्यांवरून त्यांनी मांडलं. ही दोन सालं पुढची कित्येक दशकं स्पॅनिश साहित्याच्या पाठ्यपुस्तकांत ठाण मांडून होती. आज त्यांतलं एकही सर्वमान्य राहिलेलं नाही.

तरीही स्पॅनिश साहित्याच्या संपादनाची गोष्ट या माणसाला वगळून कुणालाच सांगता येत नाही. हे कसं, हाच माझा प्रश्न आहे. मी पोटापाण्यासाठी दुसऱ्यांची पुस्तकं तपासतो. मुद्रितं वाचायची, लेखकाची वाक्यं सरळ करायची, जुन्या पुस्तकाची नवी आवृत्ती निघायची असेल तर दोन-तीन छापील प्रती शेजारी ठेवून कुठला शब्द ठेवायचा ते ठरवायचं. या धंद्यात माणसाला एक खोड लागते. कुठलंही पुस्तक हाती आलं की मजकुराआधी तळटीप बघायची. स्पॅनिश शिकलो तेव्हाही मला कवींपेक्षा त्यांच्या संपादकांचीच ओढ लागली, आणि त्या वाटेनं जाणारा कुणीही मेनेंदेस पिदाल यांच्या दारात येऊन थांबतोच.

त्यांचा जन्म १८६९ चा, उत्तर स्पेनमधल्या ला कोरुन्याचा. घराणं मूळचं आस्तुरियासचं. माद्रिदच्या विद्यापीठात मार्सेलिनो मेनेंदेस पेलायो हे त्यांचे गुरू. गुरूंनी स्पेनचं अख्खं वाङ्मय वाचून काढलं होतं असं म्हणतात, आणि त्यांचं गद्य दणदणीत वक्तृत्वाचं होतं. शिष्य उलट्या प्रकृतीचा निघाला. कमी बोलणारा, एकेका अक्षरापाशी थांबणारा.

१८९६ साली, सत्तावीस वर्षांचे असताना, त्यांचं पहिलं मोठं पुस्तक आलं. विषय होता लाराच्या सात सरदारपुत्रांची दंतकथा. मामानं दगा देऊन सात भावांना शत्रूच्या हाती दिलं, आणि त्यांची मुंडकी कोर्दोबात कैदेत असलेल्या बापापुढे मांडली गेली, अशी ती भयंकर कथा. तिच्यावर एकेकाळी शाहीर गात असलेलं काव्य होतं, पण ते नष्ट झालेलं. उरल्या होत्या त्या तेराव्या-चौदाव्या शतकातल्या बखरी. राजाच्या पदरच्या लेखकांनी शाहिरांची कवनं इतिहास समजून गद्यात उतरवून घेतली होती. मेनेंदेस पिदाल हे गद्य वाचत गेले आणि त्यांच्या लक्षात आलं, की काही ठिकाणी वाक्यं सारखी एकाच स्वरावर येऊन टेकताहेत. बखरकारानं क्रियापदं हलवली होती, शब्द मागेपुढे केले होते, पण घाईत स्वरयमक तसंच राहून गेलं होतं. ते धरून त्यांनी गद्यातून ओळी सोडवून काढल्या, आणि हरवलेल्या काव्याचे तुकडे परत उभे केले.

हे वाचताना अंगावर काटा येतो, पण सोबत शंकाही येते. गद्याला थोडा धक्का दिला तर त्यातून पद्य निघतंच. कुठे खरोखर जुनी ओळ आहे आणि कुठे संपादकाचा कान ती ओळ घडवतोय, हे कसं ठरवायचं? या शंकेनं त्यांचा आयुष्यभर पिच्छा पुरवला. त्यांनी तिला तीन ठिकाणी तीन वेगवेगळ्या तऱ्हांनी तोंड दिलं, आणि मला या माणसाचा सगळा पेच त्या तीन तऱ्हांत दिसतो.

पहिलं ठिकाण अर्थातच सिद.

सिद म्हणजे रोद्रिगो दियास दे विवार, अकराव्या शतकातला खराखुरा सरदार. राजा आल्फोन्सोनं त्याला हद्दपार केलं. काही वर्षं त्यानं सारागोसाच्या मुसलमान राजांची चाकरी केली, शेवटी बालेन्सिया जिंकून तिथे स्वतःचं राज्य मांडलं आणि १०९९ मध्ये तिथेच वारला. काव्यातला सिद मात्र राजावरचा राग गिळणारा, बायकोमुलींत जीव अडकलेला, पैशाचा चोख हिशेब ठेवणारा. पहिलं पत्र हरवल्यामुळे काव्य मधूनच सुरू होतं. सिद वळून आपल्या घराकडे बघतोय, दारं सताड उघडी, खुंट्या रिकाम्या, ससाणे बसायचे ते दांडेही रिकामे. कुठल्या कवीनं मुद्दाम इतकी चांगली सुरुवात केली असती की नाही, सांगता येत नाही. हरवलेल्या पानानं केलेलं हे संपादन आहे.

१८९३ साली स्पॅनिश अकादमीनं या काव्याचं व्याकरण आणि शब्दकोश यांवर स्पर्धा लावली. १८९५ मध्ये बक्षीस मेनेंदेस पिदाल यांना मिळालं. दुसरा कुणी असता तर त्यानं निबंध छापून घेतला असता आणि पुढच्या विषयाला लागला असता. यांनी तो हातावेगळा करायला आणखी बरीच वर्षं घेतली. १९०८ ते १९११ या काळात तीन खंड आले. पहिल्यात पाठचर्चा नि व्याकरण, दुसऱ्यात शब्दकोश, तिसऱ्यात खुद्द काव्य.

हा तिसरा खंड उघडून बघण्यासारखा आहे. त्यात काव्य दोनदा छापलं आहे. आधी पोथीत जसं आहे तसं, नकलनविसाच्या चुकांसकट, अक्षराला अक्षर. मग संपादकानं शुद्ध केलेलं. शुद्ध म्हणजे किती? एक नमुना बघू. या काव्यात यमक फक्त स्वरांचं असतं, आणि लांबच लांब कडवंभर तोच स्वर चालतो. ‘ओ’वर चाललेल्या कडव्यात मधेच शेवटी ‘मुएर्ते’सारखा शब्द येतो आणि कानाला खटकतो. मेनेंदेस पिदाल म्हणाले, कवीच्या काळी तो ‘मुओर्ते’ असाच उच्चारला जात असणार, पुढच्या नकलनविसानं आपल्या काळाप्रमाणे बदलला. त्यांनी ‘मुओर्ते’ छापलं. असे बदल पानोपानी. ओळी हलवल्या, अर्धी चरणं तोडली-जोडली, बखरींतल्या गद्यावरून गळालेला मजकूर भरून काढला. चौदाव्या शतकातल्या पोथीवर त्यांनी बाराव्या शतकाची भाषा चढवली.

आजच्या संपादकांना हे धाडस वाटतं, आणि ते आहेच. पण मला जास्त मोलाची वाटते ती त्या खंडाची मांडणी. आपला पाठ छापायच्या आधी त्यांनी तो खोडायचं साहित्य वाचकाच्या हातात ठेवलं. ज्याला ‘मुओर्ते’ पटत नाही त्यानं पानं मागे उलटावीत, पोथीतला ‘मुएर्ते’ तिथे आहे. पुढच्या पन्नास-साठ वर्षांत त्यांच्या दुरुस्त्यांवर जे जे तुटून पडले, त्यांतल्या बहुतेकांनी हत्यार उचललं ते त्यांच्याच पुस्तकातून.

आपल्याकडे भांडारकर संस्थेच्या महाभारताची चिकित्सक आवृत्ती ज्यांनी हाताळली आहे त्यांना ही शिस्त ओळखीची वाटेल. वर सुखटणकरांनी आणि त्यांच्यानंतरच्या संपादकांनी स्वीकारलेला श्लोक, खाली पोथीपोथींतले पाठभेद. काही पानांवर वर दोनच ओळी आणि खाली पाठभेदांचा डोंगर. सुखटणकर पोथ्यांच्या आधाराला फार घट्ट धरून राहिले, मेनेंदेस पिदाल कल्पनेनं कितीतरी पुढे गेले, हा फरक मोठाच. पण दोघांनाही युरोपातल्या एकाच पाठचिकित्सेच्या शाळेनं घडवलं, आणि त्या शाळेचा पहिला धडा एकच आहे. निवाडा द्या, पण पुरावा दडवू नका.

मात्र सिदच्याच बाबतीत एक जागा अशी आहे की जिथे ही सोय राहिली नाही. तीच माझ्या लेखी दुसरी तऱ्हा.

पोथी तेव्हा त्यांच्या आईकडच्या नात्यातल्या पिदाल घराण्याच्या ताब्यात होती, त्यामुळे ती त्यांना मनसोक्त वाचायला मिळाली. शाई कितीतरी ठिकाणी पुसट झालेली. त्या काळच्या रीतीप्रमाणे त्यांनी फिकट अक्षरांवर रसायनं लावली. रसायनाचा हात फिरला की शाईतलं उरलंसुरलं लोह रंग धरतं आणि अक्षर वर येतं. थोडा वेळ. मग चर्मपत्र काळवंडत जातं. आधीच्या वाचकांनीही हेच केलं होतं, त्यामुळे सगळे डाग एकट्या त्यांच्या नावावर टाकणं न्यायाचं नाही. पण त्यांचेही आहेत. आज पोथीची छायाचित्रं पडद्यावर मोठी करून बघता येतात. काही पानांवर तपकिरी-काळे पट्टे आहेत, चहा सांडून वाळावा तसे. अक्षर त्यांच्या खाली कुठेतरी आहे. पट्ट्याच्या कडेला एखाद्या अक्षराचा दांडा बाहेर डोकावतो आणि आत शिरला की दिसेनासा होतो.

अशा एखाद्या ओळीसाठी मेनेंदेस पिदाल यांनी काय वाचलं हीच कधीकधी आपली साक्ष. त्यांनी वाचलं म्हणून ते कळलं, आणि वाचताना जे वापरलं त्यामुळे ते पुन्हा तसं वाचता येणं अवघड झालं. हल्ली साध्या डोळ्याला न दिसणाऱ्या प्रकाशात छायाचित्रं घेऊन त्या डागांखालचं थोडंफार परत मिळवतात. तरीही पाठ सुधारणं आणि पान बिघडवणं यांत फरक आहे. पहिलं परत फिरवता येतं. कागदावरची लाल खूण खोडता येते, रसायन नाही. सुधारणेच्या उत्साहात मूळ वस्तूलाच हात लागतो तेव्हा काय होतं, याचं इतकं स्पष्ट उदाहरण मला दुसरं माहीत नाही. आणि ते एखाद्या हलगर्जी माणसाच्या हातून झालेलं नाही. त्या पोथीवर सगळ्यात जास्त जीव होता त्याच्याच हातून झालं आहे.

तिसरी तऱ्हा समजायला पोथीपासून उठून नदीवर जावं लागतं, आणि तिथे मारिया गोयरी यांना भेटावं लागतं.

मारिया माद्रिदच्या. विद्यापीठात रीतसर नाव घालून तत्त्वज्ञान-साहित्य शाखेत शिकणाऱ्या स्पेनमधल्या अगदी पहिल्या मुलींपैकी एक. परवानगी मिळाली ती अटींवर. व्हरांड्यात थांबायचं नाही, तास सुरू होईपर्यंत प्राध्यापकांच्या खोलीत बसायचं, त्यांच्यासोबत वर्गात यायचं, त्यांच्यासोबतच बाहेर पडायचं, मुलांत मिसळून बसायचं नाही. १८९६ मध्ये त्यांनी पदवी घेतली, १९०९ मध्ये डॉक्टरेट. मेनेंदेस पिदाल यांच्याशी लग्न झालं १९०० च्या मे महिन्यात. मधुचंद्राला दोघं गेली ती सिदच्या हद्दपारीच्या वाटेनं, बुर्गोसहून दुएरो नदीच्या खोऱ्यात, काव्यातली गावं एकेक करून पायाखाली घालत.

ओस्मा इथे सूर्यग्रहण बघायला त्यांनी मुक्काम लांबवला. २८ मे १९०० चं ते ग्रहण. तिथे एका धुणं धुणाऱ्या बाईशी बोलताना त्यांनी एका जुन्या कथागीताच्या ओळी म्हणून दाखवल्या. स्पेनमध्ये अशा गीतांना रोमान्से म्हणतात. बाई म्हणाली, हे मला येतं, आणखीही येतात, कपडे बडवताना मी हीच गाते. आणि तिनं एक गायला सुरुवात केली. त्यात एक तरुण राजपुत्र मरणाला टेकला आहे, वैद्य जमले आहेत. मारिया यांनी ओळखलं. हा राजपुत्र हुआन, इसाबेला-फेर्नान्दो या राजाराणीचा एकुलता एक मुलगा, १४९७ मध्ये सालामांकात एकोणिसाव्या वर्षी वारलेला. हे गीत जुन्या छापील संग्रहांत कुठेच नव्हतं. कास्तीयात अशी जुनी गाणी आता कुणी गात नाही, असं विद्वान तोवर धरून चालले होते. इथे मात्र चारशे वर्षांपूर्वीच्या मृत्यूचा वृत्तांत एका धुणेवालीच्या गळ्यात जिवंत होता. दोघं तिथेच लिहून घ्यायला बसली. मारिया यांनी पुढे या गीतावर स्वतंत्र अभ्यासलेख लिहिला.

या दिवसापासून त्यांच्या घराचा उद्योगच बदलला. ते दोघं, मग त्यांचे विद्यार्थी, मित्र, गावोगावचे शिक्षक, सगळे रोमान्से टिपू लागले. १९०४ च्या अखेरीस इक्वाडोर आणि पेरू यांच्या सीमावादात राजाचा प्रतिनिधी म्हणून मेनेंदेस पिदाल दक्षिण अमेरिकेत गेले, तर तिथेही त्यांनी गाणी गोळा केली. १४९२ मध्ये स्पेनमधून हाकलले गेलेले ज्यू मोरोक्कोत, बाल्कनमध्ये, तुर्कस्तानात तीच गाणी जुन्या स्पॅनिशमध्ये गात होते, तीही आली. १९२० मध्ये ग्रानादात गाणी टिपायला ते गेले तेव्हा त्यांच्यासोबत हिंडणारा एक स्थानिक तरुण होता, फेदेरिको गार्सिया लोर्का. माद्रिदच्या टोकाला चामार्तीन इथे त्यांचं ऑलिव्हच्या झाडांतलं घर होतं, तिथे या कागदांच्या पेट्या भरत गेल्या.

एकाच गीताची शेकडो रूपं हाती आली तेव्हा पोथीतल्या संपादकाला एक नवी गोष्ट कळली. इथे ‘मूळ पाठ’ शोधण्यात अर्थ नाही. प्रत्येक गाणारी बाई थोडं विसरते, थोडं घालते, थोडं सुधारते, आणि गाणं जगतं ते या फरकांतच. पाठभेद हा इथे रोग नाही, तोच त्याचा जीव आहे. जात्यावरच्या ओव्या ज्यांनी ऐकल्या-टिपल्या आहेत त्यांना हे पटवून द्यायची गरज नाही. पण जर्मन पद्धतीच्या भाषाशास्त्रात मुरलेल्या माणसानं हे म्हणणं म्हणजे आपल्याच शिक्षणाशी भांडण होतं.

आणि ते म्हणून थांबले नाहीत. १९२८ मध्ये त्यांनी सामान्य वाचकांसाठी ‘फ्लोर नुएवा दे रोमान्सेस विएहोस’ हा संग्रह काढला. त्यात त्यांनी वेगवेगळ्या रूपांतल्या चांगल्या ओळी निवडून एकत्र गुंफल्या, आणि कुठली ओळ कुठून आली याचा हिशेब दर ठिकाणी दिला नाही. बचाव सरळ होता. इतकी वर्षं इतक्या जणांकडून ही गाणी ऐकल्यावर मीही या परंपरेतलाच एक झालो आहे, आणि परंपरेतल्या प्रत्येकाला गाणं बदलायचा हक्क असतो. पुस्तक अफाट गाजलं, शाळांतून वाचलं गेलं, आणि त्यांनी जोडलेली रूपं लोकांच्या तोंडी बसली. पुढे संशोधक खेड्यांत गाणी टिपायला गेले, तेव्हा ऐकलेलं गाणं आजीकडून आलंय की मेनेंदेस पिदाल यांच्या पुस्तकातून, हेही त्यांना तपासून घ्यावं लागे.

इथे मी अडतो. सिदच्या बाबतीत वाचकाच्या हातात खोडायचं साहित्य देणारा माणूस इथे ते का देत नाही? व्यवसायातला माणूस म्हणून मला हे गैर वाटतं. वाचक म्हणून मला तो संग्रह अतोनात आवडतो. ही दोन मतं मी एकमेकांशी जुळवायच्या फंदात पडत नाही. एवढंच म्हणतो, की धुणेवालीनं असा हिशेब कधी दिला नव्हता, आणि तिच्या पंगतीत बसायचं त्यांनी जाणूनबुजून ठरवलं. आपण इथे संपादक नाही, गाणारे आहोत, असं उघड सांगून ते बसले. न सांगता बसणारे पुष्कळ असतात, आणि वाईट संपादन बहुधा तिथूनच सुरू होतं.

या सगळ्याच्या भोवती संस्थांचं मोठं आयुष्य आहे. १८९९ पासून माद्रिद विद्यापीठात प्राध्यापकी. १९१० मध्ये ऐतिहासिक अभ्यासाचं केंद्र निघालं, त्याची सूत्रं त्यांच्याकडे. १९१४ मध्ये त्याचं स्पॅनिश भाषाशास्त्राचं नियतकालिक. अमेरिको कास्त्रो, तोमास नावारो तोमास, दामासो अलोन्सो, राफाएल लापेसा अशी पुढच्या पिढीतली मोठी नावं तिथेच तयार झाली. १९२६ मध्ये स्पॅनिश भाषेच्या उगमावरचा ग्रंथ आला, १९२९ मध्ये सिदच्या काळाचा इतिहास. १९२५ पासून ते अकादमीचे संचालक होते.

मग १९३६ चं यादवी युद्ध. त्या वर्षाच्या अखेरीस साठी उलटलेले मेनेंदेस पिदाल देशाबाहेर पडले. बोर्दो, हवाना, न्यूयॉर्क, पॅरिस. मारिया आणि मुलगी हिमेना मागे सेगोबियात, बंडखोर सेनापती फ्रँकोच्या बाजूच्या लोकांच्या पाळतीखाली. १९३९ मध्ये ते परतले तेव्हा केंद्र मोडलं होतं, बरेचसे शिष्य परागंदा झाले होते, आणि त्यांच्यावर राजकीय जबाबदारीची चौकशी लागली. ते घरी बसून लिहीत राहिले. १९४७ मध्ये अकादमीनं त्यांना पुन्हा संचालक निवडलं आणि मरेपर्यंत ते त्या पदावर होते. ज्या सिदवर त्यांनी आयुष्य घातलं त्याला त्याच काळात सरकारी वीरपुरुष करून पुतळ्यावर चढवण्यात आलं. त्यांच्या १९२९ च्या ग्रंथातला उजळ सिद या कामाला फार सोयीचा पडला. संपादित काव्यातला, कर्ज काढताना सावकारांना वाळूनं भरलेल्या पेट्या गहाण देऊन फसवणारा सिद तितका सोयीचा नव्हता. १९६१ मध्ये हॉलिवूडनं चार्ल्टन हेस्टनला घेऊन ‘एल सिद’ काढला, तेव्हा ऐतिहासिक सल्लागार म्हणून नव्वदी पार केलेले मेनेंदेस पिदाल होते.

१४ नोव्हेंबर १९६८ रोजी, शंभरीला चार महिने कमी असताना, ते गेले. आणि मग त्यांच्या निष्कर्षांची पडझड वेगानं सुरू झाली.

खरं तर वाद त्यांच्या हयातीतच पेटला होता. फ्रान्समध्ये जोसेफ बेदिए म्हणत, की वीरकाव्यं लोकांच्या तोंडून घडत नाहीत, एखादा शिकलेला कवी ती एका बैठकीत रचतो. मेनेंदेस पिदाल यांनी अखेरपर्यंत उलट बाजू लढवली. सिदच्या मागे दोन कवी आहेत, एकानं रचलं, दुसऱ्यानं पुढे बदललं, असंही त्यांनी उतारवयात मांडलं. ब्रिटिश अभ्यासक कॉलिन स्मिथ यांनी १९८३ मध्ये थेट पेर आबातलाच कवी ठरवलं, कायदा जाणणारा, पुस्तकं वाचलेला, १२०७ मधला. तेही पुढे फारसं टिकलं नाही. १९९३ मध्ये अल्बेर्तो मोंतानेर यांची आवृत्ती आली. शेवटच्या पत्रावरची ती कोरी जागा आधुनिक उपकरणांखाली तपासली गेली, आणि खरवडलेल्या तिसऱ्या चिन्हाचा माग लागला नाही. आता बहुतेक अभ्यासक मानतात, की काव्य १२०० च्या आसपासचं, १२०७ हे साल आधीच्या एका प्रतीवरचं, आणि हाती असलेली पोथी ही त्या प्रतीची चौदाव्या शतकातली नक्कल. ‘मुओर्ते’ही गेला, मोंतानेर पोथीच्या कितीतरी जवळ राहतात.

पण मोंतानेर यांच्या टिपा वाचताना मेनेंदेस पिदाल हे नाव किती वेळा येतं ते बघावं. ओळीमागून ओळ. त्यांनी असं वाचलं, त्यांनी असं सुचवलं, ते का घेतलं नाही. कधी मधूनच एखादी त्यांची दुरुस्ती वर, मुख्य पाठात, जागा राखून असते. शब्दकोश आणि व्याकरण तर शंभर वर्षांनंतरही वापरात आहेत, कारण सिदच्या भाषेबद्दल कुठलाही नवा दावा करायचा तर आधी तिथली पानं चाळावी लागतात.

रोमान्सेंच्या पेट्यांचं काय झालं, तेही सांगायला हवं. ते जमवत राहिले आणि छापणं पुढे ढकलत राहिले. आणखी एक रूप मिळेल, मग काढू. त्या संग्रहाच्या आधारे शास्त्रीय पद्धतीनं काढलेल्या मालेचा पहिला खंड आला १९५७ मध्ये. ते अठ्ठ्याऐंशी वर्षांचे होते आणि मारिया जाऊन तीन वर्षं झाली होती. पुढचं काम नातवानं, दिएगो कातालान यांनी, अंगावर घेतलं. आजीआजोबांच्या कागदांतून गाणी लावणं, स्वतः नवी टिपणं, आणि आजोबांचं अर्धवट राहिलेलं लेखन मार्गी लावणं. आजोबांचा वीरकाव्यावरचा ग्रंथ निघाला १९९२ मध्ये आणि स्पॅनिश भाषेचा इतिहास २००५ मध्ये, म्हणजे लेखकाच्या मृत्यूनंतर सदतीस वर्षांनी. नातवानं भक्तिभावानं छापलं असंही नाही. आजोबा कुठे घसरले, हे त्यांच्याच कागदांवरून दाखवायला ते कचरले नाहीत.

मला वाटतं, संपादकाच्या कारकिर्दीची मोजणी इथून करावी. किती निष्कर्ष टिकले, हा हिशेब लेखकाला लावावा, संशोधकाला लावावा. संपादकाचा हिशेब वेगळा. आपण जे बदललं त्याच्या शेजारी आधीचं ठेवलं का, आणि पुढच्याला ते सापडेल अशा जागी ठेवलं का, एवढंच त्याला विचारायचं. मेनेंदेस पिदाल यांच्या सिदच्या तिसऱ्या खंडाला हा प्रश्न विचारला की उत्तर लगेच मिळतं. ‘फ्लोर नुएवा’ला विचारला तर त्यांच्या पेट्या उघडाव्या लागतात, पण पेट्या आहेत. पोथीवरच्या डागांना विचारला तर उत्तर नाही. एकाच माणसाच्या हातून या तिन्ही गोष्टी झाल्या, त्यामुळे त्यांना देवघरात बसवण्याची सोय उरत नाही, आणि अडगळीत टाकण्याचीही.

आमच्या धंद्यात नव्या मुलांना पहिल्या दिवशी लाल पेन देतात. माझ्या हातात असतं तर मी त्यासोबत एक नियम दिला असता, आणि तो १९११ च्या त्या खंडावरून उचलला असता. खोडायचं ते असं खोडा, की खालचं वाचता येईल.